सिकमोरचा गूळ

गेले चार दिवस सकाळी गाडीच्या काचेवर बर्फ असतो आणि दुपारी बाराला स्वेटर काढावासा वाटेल असं ऊन पडतं. बेसिंगस्टोकच्या लोकांना या हवेचा मनापासून राग आहे. ऑफिसच्या किचनमध्ये केटल उकळेपर्यंत प्रत्येक जण तेच गाऱ्हाणं गातो, अंगात काय घालावं तेच कळत नाही म्हणे. मी मान डोलावते. रात्री गोठायचं आणि दिवसा वितळायचं, असं तीन-चार दिवस चाललं की सिकमोरच्या झाडात रस चढतो. मला ते कळतं, आणि कळलं नसतं तर बरं झालं असतं.

मेपल सिरप म्हटलं की कॅनडा, लाल पान, पॅनकेक असं सगळं डोळ्यांपुढे येतं. सिकमोर हा त्या मेपलचाच भाऊबंद, पण गरीब घरचा. इंग्लंडात त्याला कुणी विचारत नाही. त्याच्या पंखवाल्या बिया भिरभिरत येऊन गटारीत, फुलझाडांत, फरशीच्या फटीत रुजतात आणि बागकाम करणारे म्हातारे शिव्या घालत त्यांची रोपं उपटतात. त्याच्या खोडाला भोक पाडून रस काढता येतो आणि तो आटवला की सिरप होतं, हे माझ्या ऑफिसातल्या इंग्रजांनाही ठाऊक नव्हतं. मला ते ब्रायनने सांगितलं.

ब्रायन माझा अलॉटमेंटवरचा शेजारी. अलॉटमेंट म्हणजे कौन्सिलने भाड्याने दिलेला भाजीपाल्याचा तुकडा. मी तिथे मेथी लावते आणि ती येत नाही. ब्रायन रिटायर्ड लॉरी मेकॅनिक, सत्तरी ओलांडलेला. तरुणपणी दोन हंगाम कॅनडात लाकूडतोडीला गेला होता, तिथे हे काम शिकून आला. आमच्या अलॉटमेंटच्या मागच्या कडेला अकरा सिकमोर आहेत. झाडं तोडा म्हणून कमिटी आणि तोडू देणार नाही म्हणून ब्रायन, असं भांडण बरेच दिवस चाललं. शेवटी कमिटीने कंटाळून लिहून दिलं की झाडं राहतील, रसही काढावा, पण सगळ्यांच्या वाफ्यांतली रोपं ब्रायनने उपटायची. तो बिचारा वाकून वाकून उपटतो. ब्रायन बोलतो अर्थात इंग्रजीतच. इथे मी त्याला मराठीत बोलायला लावते आहे.

आणि आप्पा. तीन वर्षांपूर्वी ऑक्टोबरात आप्पा, म्हणजे माझे वडील, सहा महिन्यांच्या व्हिजिटर व्हिसावर माझ्याकडे आले. कोल्हापूरजवळच्या आमच्या गावात ते गुळव्या होते. गुऱ्हाळाचा मालक वेगळा असतो, ऊस तिसऱ्याचाच असतो, पण काहिलीत रटरटणारा रस कुठल्या क्षणी गूळ झाला हे सांगणारा माणूस म्हणजे गुळव्या. तो ‘उतार’ म्हणाला की सगळे जण धावतात आणि ती भलीमोठी कढई चुलवाणावरून ओढतात. थोडं आधी म्हणाला तर गूळ बसत नाही, थोडा उशीर झाला तर करपतो. आप्पांनी ‘उतार’ म्हणायचा तो शब्द चाळीस वर्षं सांभाळला. मग गुऱ्हाळ बंद पडलं, चुलवाण बुजलं, तिथेही ऊस लागला, आणि आप्पा घरी बसले.

आई त्याआधीच गेली होती. मी एकुलती एक, लग्न केलं नाही, आणि आप्पांनी तो विषय केव्हाच सोडून दिला होता. गावी त्यांच्याकडे बघणारा एकच, माझा चुलतभाऊ संभा. त्याचा फोन आला होता, “ताई, आप्पांचं जरा बघ. परवा दूध गॅसवर ठेवलं आन् तसंच बाजाराला गेलं. आधी असं न्हवतं.” म्हणून मी त्यांना बोलावून घेतलं. मार्चअखेर त्यांना परत जावं लागणारच होतं. ते गावी एकटे राहू शकतील की नाही, हे मला तोवर ठरवायचं होतं.

राहू शकत असतील तर मी मोकळी. नसतील तर मला सगळं सोडून जायला हवं होतं. आणि इथे कायमचं राहायचा हक्क, ज्याला आम्ही सगळे सेटलमेंट म्हणतो, तो मिळायला मार्चपासून पुढे अकरा महिने उरले होते. नोकरी सोडली की व्हिसा गेला, व्हिसा गेला की आधीची चार वर्षं पाण्यात. आप्पांना इथेच ठेवून घेता येईल का, म्हणून एका वकिलाला विचारलं. तो हसला नाही, एवढाच त्याचा मोठेपणा. तेव्हा आप्पा ठणठणीत असणं मला फार गरजेचं होतं. हे मी आज सरळ लिहिते आहे. तेव्हा स्वतःशीसुद्धा म्हटलं नव्हतं.

परक्या देशात म्हाताऱ्या माणसाचं एक बरं असतं, त्याच्या कुठल्याही चुकीला कारण सापडतं. आप्पा तीनदा शेजाऱ्यांच्या दारात चावी घालत उभे राहिले. आमच्या रस्त्यावरची सगळी दारं सारखीच आहेत, माझंही एकदा चुकलं होतं. त्यांनी इलेक्ट्रिक केटल गॅसवर ठेवली. गावी केटल कुठे असते? भर दुपारी चारला अंधार पडल्यावर ते जेवायला वाढ म्हणाले, आणि जेवून तासाभराने पुन्हा म्हणाले. इथला डिसेंबर असतोच तसा, धडधाकट माणसाचंही घड्याळ बिघडतं. जेट लॅग हा शब्द मी तिसऱ्या महिन्यापर्यंत वापरला. डॉक्टरांकडे नेलं नाही. डॉक्टरने कागदावर लिहिलं की ते खरं होणार होतं.

फेब्रुवारीत एका शनिवारी त्यांना अलॉटमेंटवर नेलं. ब्रायन ड्रिल घेऊन सिकमोरला भोक पाडत होता. बोटाएवढं भोक, जरा वरच्या बाजूला तिरकं, म्हणजे रस आपोआप बाहेर उतरतो. त्यात त्याने धातूची तोटी ठोकली आणि तिला बादली अडकवली. थोड्या वेळाने तोटीच्या टोकाला थेंब जमला, लोंबला आणि पडला. मग दुसरा. आप्पांनी टोपी काढली, पुढे झाले, तोटीखाली बोट धरलं आणि जिभेवर टेकवलं.

“पाणी हाय,” ते म्हणाले. मग डोळे मिटले. “न्हाई. थांब. गोड हाय. लई लांबनं गोड हाय.”

मी ब्रायनला इंग्रजीत सांगितलं. त्याने आप्पांकडे बघितलं आणि म्हणाला, “अगदी बरोबर. तुझे वडील काय करायचे?” मी सांगितल्यावर त्याने हातातलं ड्रिल खाली ठेवलं आणि त्यांच्याशी हात मिळवला. आल्या आल्या मिळवला होता तसा नाही, एका मेकॅनिकने दुसऱ्याशी मिळवावा तसा.

पुढच्या शनिवारी पहिली उकळी. ब्रायनने सिमेंटच्या ठोकळ्यांवर एक मोठा स्टीलचा चौकोनी ट्रे ठेवला होता आणि खाली लाकडं पेटवली होती. आप्पांनी ती चूल एकदा चहूबाजूंनी फिरून बघितली, दोन ठोकळे सरकवले, मागे धुरासाठी फट ठेवली, आणि जाळ नीट घुमायला लागला. ब्रायनला राग यायला हवा होता. त्याने नुसती खुर्ची आणून दिली. आप्पा बसले नाहीत. गुळव्या बसत नाही.

अकरा झाडांच्या बादल्यांवर बादल्या त्या ट्रेमध्ये गेल्या. वाफ इतकी की समोरचं कुंपण दिसेना. वर पांढुरका फेस आला तो आप्पांनी झाऱ्याने अलगद काढला. मी मुद्दाम पिशवीतून सुपरमार्केटातली केनियाची भेंडी काढली. उसाच्या रसात भेंडीचं बुळबुळीत पाणी घालतात, म्हणजे सगळी मळी वर येते. शिवाय चिमूटभर चुना. आप्पांच्या खिशात तंबाखूची डबी होती आणि डबीत चुना होता. आप्पांनी भेंडी बघितली आणि हसले. “याला काय घालाय नगं. ह्ये निर्मळ हाय. उसाचं येगळं, याचं येगळं.” मला इतकं हलकं वाटलं की मी ती भेंडी ब्रायनलाच देऊन टाकली. त्याने ती कच्ची खाल्ली.

काम करताना आप्पा बोलत होते. शंकरबद्दल. शंकर त्यांच्या गुऱ्हाळावर जाळ घालायचा, वीस वर्षं एका चुलवाणाशी, आणि म्हणे त्याच्यासारखा जाळ कुणाला जमला नाही. “म्या नुसती मान हालवायची, त्याला कळायचं. मरून झाली की बारा वर्सं.” मी हे ब्रायनला सांगितलं. लाकडं ब्रायनच टाकत होता. तो म्हणाला, “मग मला शंकरच समजायला सांग.”

अलॉटमेंटच्या मागून पायवाट जाते. शनिवारी लोक कुत्री घेऊन फिरतात. वाफ बघून थांबायला लागले. गुऱ्हाळावर आलेला वाटसरू कोरडा जात नाही, त्याला रस नाहीतर पानावर गरम गूळ द्यायचाच. आणि अनोळखी असेल तर देताना गाव विचारायचं. आप्पांनी मला विचारायला लावलं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं, पण मी विचारलं. लाल कोटातली एक बाई म्हणाली, ओकली. लॅब्रेडॉरवाला म्हातारा म्हणाला, ओल्ड बेसिंग. आप्पा प्रत्येकाला चमचाभर आटत आलेला गरम रस देत होते आणि गावाचं नाव स्वतःशी म्हणून बघत होते. ब्रायन मला म्हणाला, “मला का नाही विचारलं?” मी ते आप्पांना सांगितलं. आप्पा म्हणाले, “वळखीच्याला गाव कशाला इचारायचं?”

शेवटी रंग फिरायला लागला. ब्रायन थर्मामीटर धरून वाकला होता. आप्पांनी झारा बुडवून वर धरला. थेंब पडायचे थांबून काठावरून पातळ पडदा सुटला, तो त्यांनी बघितला, कान जरा खाली नेला, बुडबुड्यांचा आवाज ऐकला आणि म्हणाले, “उतार.” मी “नाउ” म्हणेपर्यंत ब्रायनही थर्मामीटरवरून मान वर करत “नाउ” म्हणाला. आम्ही तिघांनी ट्रे ओढला. चार बाटल्या भरल्या, बुडाशी उरलेलं चाटून टाकलं. इतका रस आटवून चार बाटल्या, आप्पांना त्याचंच हसू येत होतं.

मी मनातल्या मनात कौल लावला होता, सुरुवातीपासून शेवटपर्यंत एक काहील नीट उतरवली तर आप्पा ठीक आहेत, एकटे राहतील. कौल मिळाला. संध्याकाळी संभाला फोन केला आणि म्हटलं, “आप्पा ठणठणीत आहेत. तू उगाच घाबरवलंस.” संभा म्हणाला, “तसं आसंल तर देवच पावला.” तिकीट मार्चअखेरचं होतं, ते तसंच ठेवलं.

त्या सहा आठवड्यांइतकी मी इथे कधीच सुखी नव्हते. हेही लिहून ठेवते, नाहीतर सगळं नुसतं काळं वाटेल. कामावरून आले की आप्पा दारात बूट घालून तयार. आम्ही बादल्या बघायला जायचो. दोघं म्हातारे आपापल्या भाषेत बोलत राहायचे, मी मधे भाषांतर करणं सोडून दिलं होतं. घरात वाफेचा आणि धुराचा वास यायचा, माझ्या ऑफिसच्या कोटालासुद्धा. एकदा मीटिंगमध्ये शेजारचीने विचारलं, तू काल बार्बेक्यू केलास का? मी म्हटलं, माझे वडील गुऱ्हाळ चालवतात.

मार्चच्या मध्यावर झाडांना कळ्या फुगल्या. कळ्या आल्या की रसाला कडवट चव येते, हंगाम संपतो. ब्रायनने शेवटची उकळी ठरवली ती आप्पांच्या विमानाला नऊ दिवस असताना. वार गुरुवार होता आणि मला दुपारी दोन तासांची मीटिंग होती. सकाळी आप्पा नाश्ता करताना म्हणाले, “ऊस आला का?” मी म्हटलं, “रस आहे आप्पा, झाडाचा.” ते म्हणाले, “व्हय, व्हय.” मी ऐकलं आणि पुढे गेले. त्यांना ब्रायनपाशी सोडलं, घरी येऊन लॅपटॉप उघडला.

चारला परत आले तेव्हा वास आला. कुंपणाच्या अलीकडूनच. सिरपचा नाही, गुळाचा. मी लहानपणी ज्या वासात झोपी जायचे तो, त्यात चुन्याचा उग्रपणा मिसळलेला. पाय आपोआप भराभर चालले. आप्पा ट्रेमध्ये वाफ्यातलं फावडं घालून दोन्ही हातांनी घोटत होते. रस काकवीच्या पुढे गेला होता, सिरपच्या तर कितीतरी पुढे. ट्रेमध्ये तांबूस, जाड, फसफसणारा गोळा होता. बाजूला चुन्याची डबी उघडी पडली होती, रिकामी. कुणाच्या तरी वाफ्यातल्या पाल्याची देठं ठेचून पाण्यात घातलेली होती, भेंडीच्या जागी. ब्रायन खाली लाकडं टाकत होता. त्याने माझ्याकडे बघितलं. आप्पांनी एका बादलीला ओला रुमाल लावून ठेवला होता. त्यांनी सगळं त्यात ओतलं, फावड्याच्या पाठीने थापलं आणि मग कोबीच्या पानावर एक गरम तुकडा घेऊन माझ्यासमोर धरला. काहीतरी म्हणाले. मी तुकडा घेतला, तोंडात टाकला. तोंड भाजलं आणि चुना जिभेला लागला.

“काय म्हणाले ते?” ब्रायनने विचारलं.

“चांगला झालाय म्हणाले.”

“बरे आहेत ना?”

“गंमत करताहेत. आमच्याकडे सिरप करत नाहीत, शेवटी असा गूळच करतात. तुला दाखवायला केलाय.”

ब्रायन म्हणाला, “राइट.” मग फावडं धुवायला घेऊन गेला. थंड झाल्यावर त्या ढेपेचे दोन भाग केले. एक त्याने ठेवला, एक मी आणला.

हीथ्रोला व्हीलचेअरवाल्या माणसाच्या स्वाधीन केलं तेव्हा आप्पांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि मी त्यातून पुरावा काढला की ते मला ओळखतात. मुंबईला संभा घ्यायला आला होता. त्याला मी सगळं सांगू शकले असते. मी सांगितलं, थोडं विसरतात, वयाने होतं, जेवण वेळेवर पोचव. त्याची बायको सकाळ-संध्याकाळ डबा नेऊन द्यायची. मी रोज व्हिडिओ कॉल करायचे. आप्पा फोनकडे बघून हसायचे आणि “बरं हाय, बरं हाय” म्हणायचे. मी एका एक्सेल शीटमध्ये माझे उरलेले आठवडे खोडत होते.

जानेवारीत, तिकडे ऊसतोडीचे दिवस असतात, आप्पा सकाळी अंघोळ करून, डोक्याला टॉवेल गुंडाळून घराबाहेर पडले. कुणीतरी विचारलं तर म्हणाले, चुलवाण पेटलं असंल. गुऱ्हाळाच्या जागी आता चारी बाजूंनी ऊस आहे. पुरुषभर उंच ऊस, आत शिरलं की दिशा कळत नाही. सगळं गाव शोधत होतं. तिसऱ्या दिवशी तोड करणाऱ्या टोळीला सापडले. संभा फोनवर रडत रडत एकच म्हणत होता, “ताई, तू म्हणालीस ठणठणीत हायत.” मी दिवसकार्यासाठी बारा दिवस गेले आणि परत आले. फेब्रुवारीत सेटलमेंट मिळाली. ऑफिसने केक आणला होता. मी कापला, सगळ्यांना दिला.

त्यानंतर दोन हंगाम मी त्या मागच्या कडेला फिरकले नाही. ब्रायन हाक मारायचा, मी काम काढायचे. गुळाचा माझा अर्धा भाग किचनच्या वरच्या फळीवर बिस्किटाच्या डब्यात आहे. काळा पडलाय, दगड झालाय, मुंग्याही लागल्या नाहीत. खाववत नाही आणि टाकवतही नाही. आप्पांनी केलेली शेवटची वस्तू आहे ती, आणि मी खोटं बोलल्याचा पुरावाही.

या शनिवारी मात्र गेले. का ते नीट सांगता येणार नाही. हवा तशी होती, आणि ब्रायनला एकट्याला आता ड्रिल पेलत नाही हे मला कुंपणातून दिसलं होतं. त्याचे हात थरथरतात. मी ड्रिल धरलं, त्याने जागा दाखवली. जुन्या भोकांपासून चार बोटं दूर. जुनी भोकं बुजून आली होती, नुसता व्रण राहिला होता. थेंब पडायला लागला तेव्हा आम्ही दोघं उलट्या बादल्यांवर बसलो. त्याने फ्लास्कमधला चहा दिला आणि शेडमधून एक पत्र्याचा डबा आणला. त्यात त्याचा अर्धा भाग होता. कडेने तासलेला. तो चहाबरोबर थोडा थोडा खातो म्हणे, चुन्यासकट.

“कोण होता गं शंकर, तू सांगितलं होतंस तो?” त्याने विचारलं. “जाळवाला. मेलेला. बरोबर?”

“हो.”

“त्या गुरुवारी मला दिवसभर शंकर म्हणत होते. आधी वाटलं गंमत आहे. मग लाकूड कमी पडलं की ओरडायला लागले. खरं ओरडणं. मी टाकत राहिलो. चुना घालायला लागले तेव्हा मी हात धरला. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की सोडून दिला.” त्याने चहाचा घोट घेतला. “तुला विचारलं होतं मी, बरे आहेत ना म्हणून.”

“विचारलं होतंस.”

“मला वाटलं, मुलगी म्हणते आहे, मी बाहेरचा माणूस. आणि वाटलं, तू त्यांच्याबरोबर जाणार असशील.” त्याने डब्याचं झाकण लावलं. “तुला पानावर तुकडा दिला तेव्हा काय म्हणाले होते? चांगला झालाय, असं नव्हते म्हणाले. तू पांढरीफटक पडली होतीस.”

तीन वर्षं हे मी संभाला सांगितलं नाही. कुणालाच नाही. ब्रायन माझ्याकडे न बघता तोटीकडे बघत होता, म्हणून असेल, मला सांगता आलं.

“ते म्हणाले, ‘घ्या बाई. कुठलं गाव तुमचं?’”

मी ते आधी मराठीत म्हटलं, मग इंग्रजीत. ब्रायनला समजावून सांगावं लागलं नाही. त्या हंगामात याच पायवाटेवर, त्याच्यादेखत, मी तो प्रश्न अनोळखी वाटसरूंना विचारला होता.

त्याने कप खाली ठेवला आणि विचारलं, “मग तू काय म्हणालीस?”

“गावाचं नाव सांगितलं. आमच्याच. त्यांना फार आनंद झाला. म्हणाले, ‘आमच्याच गावच्या की! कुणाच्या तुम्ही?’”

“आणि तू?”

“मी गूळ खाल्ला,” मी म्हणाले. “आणि नऊ दिवसांनी त्यांना एकट्याला विमानात बसवलं.”